बायोप्सीचा रिपोर्ट अनिर्णित आला, तर पुढे काय करायचं?

बायोप्सीला जाताना मनाची तयारी दोनच उत्तरांसाठी झालेली असते: कर्करोग आहे, किंवा नाही. मग रिपोर्ट हातात येतो आणि त्यात यांपैकी काहीच नसतं. ‘इनकन्क्लुझिव्ह’, ‘नॉन-डायग्नोस्टिक’, ‘ॲटिपिया’, ‘रिपीट बायोप्सी ॲडव्हाइज्ड’ अशी एखादी ओळ असते आणि खाली सही. डॉक्टरांची भेट अजून व्हायची असते आणि तोवर काय समजायचं, कोणाला विचारायचं हे कळत नाही. असा कागद पहिल्यांदाच हातात आलेल्या माणसासाठी आणि त्याच्या घरच्यांसाठी हा लेख आहे.

आधी दोन गैरसमज बाजूला ठेवू. पहिला: ‘डॉक्टरांना कळलंय, पण ते सांगत नाहीयेत.’ पॅथॉलॉजिस्टला, म्हणजे नमुना सूक्ष्मदर्शकाखाली तपासून रिपोर्ट लिहिणाऱ्या डॉक्टरला, खात्री असली की तो तसं स्पष्ट लिहितो. खात्री नसताना ‘सांगता येत नाही’ असं लिहिणं हा त्याचा प्रामाणिकपणा आहे आणि त्यात तुमचंच हित आहे, कारण चुकीच्या निदानावर शस्त्रक्रिया किंवा केमोथेरपी होण्यापेक्षा थोडं थांबणं केव्हाही बरं. दुसरा गैरसमज: ‘कॅन्सर लिहिलेलं नाही, म्हणजे सुटलो.’ हा जास्त धोक्याचा, कारण असं मानणारी माणसं पुन्हा डॉक्टरांकडे फिरकतच नाहीत. अनिर्णित रिपोर्टचा अर्थ एवढाच, की या नमुन्यावरून उत्तर देता आलं नाही. ते का देता आलं नाही हे समजून घेणं हे आता तुमचं पहिलं काम, कारण पुढचं सगळं त्या ‘का’वर ठरतं.

पायरी १: पूर्ण रिपोर्ट मिळवा आणि शेवटची टीप वाचा

फोनवर ऐकलेलं किंवा कुणीतरी सांगितलेलं एक वाक्य पुरत नाही. छापील किंवा पीडीएफ, पण सगळ्या पानांची प्रत घ्या. रिपोर्टात साधारणपणे काही ठरलेले भाग असतात: नमुना कुठून घेतला, डोळ्यांना तो कसा दिसला (किती तुकडे, किती लांबीचे), सूक्ष्मदर्शकाखाली काय दिसलं, आणि मग निष्कर्ष. बहुतेक जण निष्कर्षाची ओळ वाचून थांबतात. पण खरी माहिती त्याखालच्या ‘कॉमेंट’ किंवा ‘नोट’मध्ये असते. नमुना अपुरा होता का, आणखी चाचण्या लावल्या आहेत का, पुढे काय करावं, हे तिथे लिहिलेलं असतं.

नाव, वय, अवयव आणि डावी-उजवी बाजू बरोबर आहे ना, तेही पाहा. रिपोर्टवर ‘प्रोव्हिजनल’ किंवा ‘इंटरिम’ लिहिलं असेल, तर तो अजून पूर्ण झालेलाच नाही. अशा वेळी घाबरण्याआधी प्रयोगशाळेला विचारा, की अंतिम रिपोर्ट कधी मिळेल.

पायरी २: ‘का’ शोधा

अनिर्णित रिपोर्टमागे साधारण चार-पाच प्रकारची कारणं असतात. ती एकमेकांपासून फार वेगळी आहेत, म्हणून इथे जरा सविस्तर लिहितो.

सगळ्यात साधं कारण म्हणजे नमुना अपुरा पडणं. सुईत नुसतं रक्त आलं, पेशी फार कमी आल्या, तुकडा चिमट्यात चिरडला गेला, किंवा गाठीच्या मध्यभागचा मेलेला, सडलेला भागच हाती लागला. अशा रिपोर्टमधून आजाराबद्दल बरं-वाईट काहीच कळत नाही. थायरॉइडच्या सुईतपासणीत, म्हणजे एफएनएसीमध्ये, याचं मोजमापही ठरलेलं आहे: साधारणपणे पेशींचे किमान ६ पुंजके हवेत आणि प्रत्येकात किमान १० पेशी. तेवढ्या नसतील तर, काही अपवाद सोडता, पॅथॉलॉजिस्ट मत देत नाही.

दुसरं कारण जास्त फसवं आहे. नमुना चांगला आला, पण नेमक्या जागेचा आला नाही. रिपोर्टात ‘नॉर्मल टिश्यू’ किंवा ‘नॉनस्पेसिफिक इन्फ्लमेशन’, म्हणजे साधी सूज, असं लिहिलेलं असतं आणि वाचणारा सुटकेचा श्वास टाकतो. पण स्कॅनवर फुफ्फुसात दोन सेंटीमीटरची खडबडीत कडांची गाठ दिसत असेल, तर ‘साधी सूज’ हे त्या गाठीचं स्पष्टीकरण होत नाही. सुई बाजूच्या भागात गेली असण्याची शक्यता राहतेच. स्तनाच्या बाबतीत यासाठी ठरलेला नियम आहे: मॅमोग्राफी किंवा सोनोग्राफीत जे दिसलं आणि बायोप्सीत जे सापडलं, ते एकमेकांशी जुळलं पाहिजे. स्तनाच्या स्कॅनवर संशयाचा जो दर्जा देतात, त्यातला ‘बाय-रॅड्स ५’ म्हणजे चित्रावरून कर्करोगाचा दाट संशय. तो असताना बायोप्सीत नुसती चरबी आली, तर तो रिपोर्ट ‘निगेटिव्ह’ म्हणून फाइलला लावायचा नसतो, पुन्हा नमुना घ्यायचा असतो. कॅल्शियमच्या बारीक ठिपक्यांसाठी बायोप्सी केली असेल, तर काढलेल्या तुकड्यांचाच एक्स-रे काढून ते ठिपके नमुन्यात आलेत का, हे पाहतात. ते पाहिलं होतं का, हे तुम्ही जरूर विचारा.

तिसरा प्रकार म्हणजे पेशी खरोखरच मधल्या अवस्थेतल्या असणं. नमुना पुरेसा आहे, जागा बरोबर आहे, पण जे दिसतंय ते पूर्ण निरोगी नाही आणि कर्करोग म्हणण्याइतकंही नाही. ‘ॲटिपिया’ हा शब्द इथे येतो. पेशींचा आकार, केंद्रक किंवा मांडणी नेहमीसारखी नाही, एवढाच त्याचा अर्थ. जंतुसंसर्ग, सूज, आधी घेतलेलं रेडिएशन यांनीही पेशी अशा दिसू शकतात. स्तनाच्या बायोप्सीचे बी १ ते बी ५ असे गट करण्याची पद्धत आहे, त्यातला बी ३ म्हणजे ‘पुढे काय होईल सांगता येत नाही’ असा गट. प्रोस्टेटमध्ये काही वेळा ‘असाप’ असं लिहिलेलं असतं. याचा अर्थ, संशयास्पद ग्रंथी दिसल्या, पण त्या इतक्या थोड्या आहेत की त्यांवरून कर्करोगाचा शिक्का मारता येत नाही. असा रिपोर्ट आला की एमआरआय किंवा पुन्हा बायोप्सीचा विचार होतो.

चौथं कारण म्हणजे तपासणीच्या पद्धतीचीच मर्यादा. याचं सर्वांत स्पष्ट उदाहरण थायरॉइडचं. तिथले सुईतपासणीचे रिपोर्ट ‘बेथेस्डा’ पद्धतीने सहा गटांत दिले जातात: पहिला अपुरा नमुना, दुसरा निरुपद्रवी, सहावा कर्करोग आणि मध्ये संशयाच्या चढत्या पायऱ्या. चौथ्या गटात ‘फॉलिक्युलर निओप्लाझम’ येतो. या प्रकारात साधी गाठ आणि कर्करोग यांच्या पेशी सुईत सारख्याच दिसतात. फरक असतो तो गाठीने आपलं आवरण किंवा रक्तवाहिनी भेदली आहे का, यात. आणि तो पूर्ण गाठ काढून तिच्या कडा तपासल्याशिवाय दिसत नाही. म्हणजे सुई कितीही वेळा घातली तरी या प्रश्नाचं उत्तर सुईतून येणार नाही. म्हणूनच तिथे शस्त्रक्रियेने थायरॉइडचा अर्धा भाग काढणं किंवा काही ठिकाणी उपलब्ध असलेली जनुकीय चाचणी, असे पर्याय पुढे येतात. लिम्फोमाचं, म्हणजे लसिका पेशींच्या कर्करोगाचंही काहीसं तसंच. मानेतल्या किंवा काखेतल्या लसिका गाठीत सुई घातली तर सुट्या पेशी येतात, पण त्या गाठीत कशा मांडलेल्या होत्या ते कळत नाही, आणि निदान पुष्कळदा त्या मांडणीवरच ठरतं. शक्य असेल तिथे पूर्ण गाठ काढून तपासतात ती यासाठी.

शेवटचं कारण: काम अजून चालू आहे. साध्या रंगाने, म्हणजे एच-अँड-ई स्टेनने, भागलं नाही की ‘आयएचसी’ या खास चाचण्या लावतात, ज्यांत पेशींमधली ठरावीक प्रथिनं रंगवून पाहतात. प्रोस्टेटचंच उदाहरण घ्या. निरोगी ग्रंथीभोवती तळपेशींचा एक थर असतो, कर्करोगाच्या ग्रंथीभोवती तो नसतो. पी ६३ सारख्या चाचणीने हा थर रंगतो, आणि मग साध्या रंगात न सुटलेला प्रश्न बऱ्याचदा सुटतो. या चाचण्यांना वेगळे दिवस लागतात. हाडाचा नमुना असेल तर आधी त्यातलं कॅल्शियम काढावं लागतं, त्यालाही वेळ जातो. क्षयरोगाच्या संशयात कल्चर लावलं असेल, तर जंतू वाढायला काही आठवडे लागतात. रिपोर्टला उशीर होतोय म्हणजे काहीतरी वाईट सापडलंय, असं गणित मांडू नका.

पायरी ३: डॉक्टरांसमोर हे प्रश्न ठेवा

कागदावर लिहून न्या. एका माणसाला सोबत न्या आणि उत्तरं लिहून घ्यायचं काम त्याच्याकडे द्या, कारण अशा भेटीत पेशंटच्या कानावर पडलेलं निम्मं तरी निसटतं.

– वरच्या कारणांपैकी माझ्या बाबतीत कोणतं आहे?
– स्कॅन, तपासणी आणि बायोप्सी एकमेकांशी जुळतात का?
– तुम्हाला स्वतःला काय वाटतं, संशय कमी आहे की जास्त? कशावरून?
– याच नमुन्यावर आणखी काही चाचणी होऊ शकते का?
– पुन्हा नमुना घ्यायचा तर या वेळी वेगळं काय करणार?
– थांबायचं तर किती, आणि थांबल्याने नुकसान होईल का?

माझ्या मते पाचवा प्रश्न सगळ्यांत मोलाचा आहे. तीच सुई, तीच जागा, तीच पद्धत ठेवून पुन्हा प्रयत्न केला, तर तोच रिपोर्ट येण्याचा संभव राहतो. सोनोग्राफी किंवा सीटीच्या मदतीने नेम धरणं, बारीक सुईऐवजी तुकडा काढणारी जाड कोअर सुई वापरणं, सडलेला मध्यभाग टाळून कडेचा भाग घेणं, पेट स्कॅनवर जिथे पेशी जास्त सक्रिय दिसतात तिथून नमुना घेणं, किंवा पॅथॉलॉजिस्टने तिथल्या तिथे नमुना पुरेसा आहे का ते पाहणं, यांपैकी काहीतरी बदललं पाहिजे.

डॉक्टरांनी टक्केवारी सांगितली, तर ती कशाची आहे तेही विचारा. थायरॉइडच्या बेथेस्डा पद्धतीच्या २०२३च्या आवृत्तीत तिसऱ्या गटासाठी कर्करोगाची सरासरी शक्यता २२ टक्के आणि चौथ्यासाठी ३० टक्के दिली आहे. हे आकडे मुख्यतः ज्या गाठी शस्त्रक्रियेने काढून तपासल्या गेल्या त्यांच्यावरचे आहेत, आणि काढल्या जातात त्या जास्त संशयाच्या. त्यामुळे त्या गटातल्या प्रत्येक पेशंटला तो आकडा जसाच्या तसा लागू होत नाही. तुमची सोनोग्राफी, गाठीचा आकार, वय, घरातला इतिहास यांनी तो वर-खाली होतो.

पायरी ४: दुसरं मत घ्या, पण पूर्ण सामग्रीवर

सेकंड ओपिनियन म्हणजे रिपोर्टचा फोटो दुसऱ्या डॉक्टरांना पाठवणं नव्हे. दुसऱ्या पॅथॉलॉजिस्टला मूळ नमुना स्वतः पाहता आला पाहिजे. तुमचा तुकडा मेणाच्या छोट्या ठोकळ्यात बसवून ठेवलेला असतो, त्याला ब्लॉक म्हणतात. त्याचे तीन ते पाच मायक्रॉन जाडीचे काप काढून काचेवर लावतात, त्या स्लाइड. ब्लॉक फेकून देत नाहीत, प्रयोगशाळा तो वर्षानुवर्षं जपतात. त्यातून आणखी काप काढून नव्या चाचण्या करता येतात, म्हणजे पुष्कळदा नव्याने सुई टोचून न घेताही उत्तर मिळू शकतं.

प्रयोगशाळेत अर्ज करून स्लाइड आणि ब्लॉक दोन्ही मागा. ब्लॉकवरचा क्रमांक आणि रिपोर्टवरचा क्रमांक एकच आहे हे जागेवरच पडताळा, आणि काय-काय नेलं याची पोच ठेवा. ब्लॉक उन्हात किंवा तापलेल्या गाडीत ठेवू नका, मेण वितळतं. सोबत पहिला रिपोर्ट, स्कॅनचे रिपोर्ट आणि त्यांच्या सीडी द्या. ज्या पॅथॉलॉजिस्टचं काम प्रामुख्याने त्याच अवयवावर चालतं, त्याचं मत शोधा. मधल्या अवस्थेतल्या पेशींच्या बाबतीत अनुभवाने फार फरक पडतो. पहिल्या डॉक्टरांना वाईट वाटेल म्हणून कचरू नका. अवघड स्लाइड एकमेकांना दाखवणं हा पॅथॉलॉजिस्टांच्या रोजच्या कामाचा भाग आहे.

दोन मतं वेगळी आली तर? मग दोघांपैकी कोणाचं मानायचं हे घरी बसून ठरवू नका. सर्जन, पॅथॉलॉजिस्ट, रेडिओलॉजिस्ट, कर्करोगतज्ज्ञ एकत्र बसून केस पाहतात, अशी ट्यूमर बोर्डाची बैठक मोठ्या रुग्णालयांत होते. तिथे तुमची केस ठेवायची विनंती करा.

पायरी ५: पुन्हा बायोप्सी ठरली, तर आधी या गोष्टी सांगा

रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या चालू असतील (ॲस्पिरिन, क्लोपिडोग्रेल, वॉरफरिन वगैरे) तर सांगा, पण स्वतःहून एकही बंद करू नका. हृदयात स्टेंट असलेल्या माणसाने मनाने गोळी थांबवणं जिवावर बेतू शकतं. कधी थांबवायची, थांबवायची की नाही, हे डॉक्टरच ठरवतील.

स्टेरॉइड घेतलं असेल तर तेही आवर्जून सांगा. लिम्फोमाच्या पेशी स्टेरॉइडने झपाट्याने कमी होऊ शकतात आणि मग बायोप्सीत काही सापडत नाही. प्रतिजैविकं चालू असतील तर जंतूंच्या कल्चरवर परिणाम होऊ शकतो.

आणखी एक गोष्ट, जी बायोप्सी होऊन गेल्यावर दुरुस्त करता येत नाही. नमुना साधारणपणे लगेच फॉर्मॅलिनमध्ये टाकतात. फॉर्मॅलिनने पेशी टिकतात, पण जंतू मरतात, त्यामुळे त्या तुकड्यावर कल्चर लागत नाही. लिम्फोमासाठीच्या फ्लो सायटोमेट्रीलाही, म्हणजे एकेक पेशी यंत्रातून तपासणाऱ्या चाचणीलाही, जिवंत पेशी लागतात. संशय क्षयरोगाचा किंवा लिम्फोमाचा असेल, तर ‘थोडा नमुना फॉर्मॅलिनशिवाय वेगळा पाठवणार का?’ हे आधीच विचारा. एवढा एक प्रश्न विचारल्याने तिसरी बायोप्सी टळू शकते.

बायोप्सीनंतर थोडं दुखणं, काळं-निळं पडणं चालतं. पण दाबून धरूनही रक्त थांबत नसेल, फुफ्फुसाच्या बायोप्सीनंतर अचानक दम लागला किंवा छातीत दुखलं, प्रोस्टेटच्या बायोप्सीनंतर थंडी वाजून ताप आला किंवा लघवी अडली, तर वाट न पाहता त्याच क्षणी रुग्णालय गाठा.

पायरी ६: मधले दिवस

हे दिवस जड जातात, आणि त्यात तुमचा कमकुवतपणा नाही. २०१६ साली युनिव्हर्सिटी कॉलेज लंडनच्या संशोधकांनी ४५ स्वयंसेवकांवर एक प्रयोग केला होता. हातावर विजेचा छोटा झटका बसण्याची शक्यता ते कमी-जास्त करत होते. झटका नक्की बसणार हे माहीत असताना जेवढा ताण दिसला, त्यापेक्षा जास्त ताण ‘बसेल की नाही’ हे निम्मं-निम्मं असताना दिसला. अनिर्णित रिपोर्ट घेऊन जगणारे कितीतरी जण म्हणतात, ‘एकदाचं काय ते कळू दे.’ ते अगदी खरं बोलत असतात.

न झालेल्या निदानाबद्दल इंटरनेटवर वाचत बसू नका. तुमच्या रिपोर्टातला शब्द, त्याचा अर्थ, पुढची तपासणी, एवढं जरूर वाचा. पण एखाद्या कर्करोगात किती जण किती वर्षं जगतात, हे तो आजार आहे हेच ठरलं नसताना वाचून हाती भीतीशिवाय काही लागत नाही.

नातेवाइकांना आणि मित्रांना कळवायचं काम घरातल्या एकाच माणसाकडे द्या. रोज दहा जणांना तेच सांगणं पेशंटला थकवून टाकतं. सांगायला एक वाक्य ठरवून ठेवा: ‘पहिल्या नमुन्यावरून नक्की कळलं नाही, पुढची तपासणी अमुक तारखेला आहे, कळलं की आम्हीच फोन करू.’ मुलांनाही त्यांच्या वयाला झेपेल तेवढं खरं सांगा. आणि घरच्यांनो, रिपोर्ट पेशंटपासून लपवू नका. ज्याच्या शरीराची गोष्ट आहे त्यालाच अंधारात ठेवलं, तर तो जे कल्पतो ते बहुधा खऱ्यापेक्षा भयानक असतं, आणि पुढच्या तपासणीसाठी त्याची साथ मिळत नाही ती वेगळीच.

नोकरी सोडणं, घर विकणं, लग्न मोडणं असे निर्णय या काळात घेऊ नका. झोप सलग उडाली, जेवण जाईना, छातीत धडधड थांबेना, तर समुपदेशकाची किंवा मानसोपचारतज्ज्ञाची मदत आत्ताच घ्या, रिपोर्टची वाट पाहू नका. मनात जीव देण्याचे विचार येत असतील तर जवळच्या माणसाला आणि डॉक्टरांना आजच्या आज सांगा.

वाट पाहताना गाठ भराभर वाढली, श्वास किंवा गिळणं अवघड झालं, खोकल्यातून किंवा शौचातून रक्त आलं, कारण नसताना वजन उतरू लागलं, तर ठरलेल्या तारखेपर्यंत थांबू नका. डॉक्टरांना कळवून भेट अलीकडे घ्या.

पायरी ७: दुसऱ्यांदाही उत्तर आलं नाही, तर

असं होतं. अशा वेळी साधारण दोन मार्ग समोर येतात. संशय जास्त असेल तर गाठ पूर्णच काढून तपासायची. निदान आणि उपचाराचा मोठा भाग एकाच वेळी होतो. संशय कमी असेल तर ठरावीक अंतराने स्कॅन करून लक्ष ठेवायचं. डॉक्टर दुसरा मार्ग सुचवतात तेव्हा अनेकांना वाटतं की आपल्याला टाळलं जातंय. पण कित्येक गाठींच्या बाबतीत, त्या वाढतात की तशाच राहतात, हे पाहणं हीसुद्धा तपासणीच असते.

मात्र ‘बघू पुढे’ एवढ्यावर उठून येऊ नका. पुढचा स्कॅन कोणत्या महिन्यात, तो आधीच्याच पद्धतीने आणि शक्यतो त्याच केंद्रात होणार का, गाठ किती वाढली किंवा काय बदललं तर बायोप्सी किंवा शस्त्रक्रिया करायची, आणि मध्ये काही वाटलं तर कोणाला फोन करायचा, ही चार उत्तरं केसपेपरवर डॉक्टरांकडून लिहून घ्या. मागचे सगळे स्कॅन आणि रिपोर्ट तारखेनुसार एका फाइलमध्ये लावा, आणि पुढची अपॉइंटमेंट रुग्णालयातून बाहेर पडायच्या आधीच घ्या.